व्रिल नावाची शक्ती आणि आपला फॉरवर्ड

गेल्या आठवड्यात गावातल्या एका ग्रुपवर लांबलचक मेसेज फिरला. तुमच्याकडेही आलाच असेल. 'व्रिल' नावाची एक वैश्विक शक्ती आहे, आपल्या ऋषींना ती माहीत होती, जर्मनांनी आपले ग्रंथ पळवले, हिटलरने त्याच शक्तीवर उडत्या तबकड्या चालवल्या, वगैरे वगैरे. ओळखीच्या एका सरांनी तो मला पाठवला आणि म्हणाले, रविवारच्या पानात छापा. मी नाही म्हटलं. सर चिडले. "तुम्हा पत्रकारांना आपलं काही चांगलं दिसतच नाही." तर सर, ही पोस्ट तुमच्यासाठी. ज्यांनी ज्यांनी तो मेसेज पुढे ढकलला त्यांच्यासाठीही.

व्रिल हा शब्द जन्मला १८७१ साली, 'द कमिंग रेस' या इंग्रजी कादंबरीत. लेखक एडवर्ड बुलवर-लिटन. पुस्तक आधी निनावी निघालं होतं. गोष्ट अशी: एक माणूस खाणीत उतरतो आणि जमिनीखाली राहणाऱ्या एका प्रगत जमातीत जाऊन पडतो. त्यांच्याकडे व्रिल असते. तिच्यावर दिवे लागतात, यंत्रं चालतात, आजार बरे होतात, माणसं पंख लावून उडतात. हातातल्या पोकळ काठीतून ती सोडली की शहर बेचिराख. लहान पोराच्या हातीसुद्धा ही ताकद, म्हणून तिथे युद्धंच बंद झालेली. बायका पुरुषांपेक्षा उंच आणि बलवान, लग्नाची मागणीही त्याच घालतात. थोडक्यात, लिटनसाहेब आपल्या काळाची टिंगल करत होते. त्यात डार्विनही सुटला नाही. तिथले पंडित आपण बेडकापासून झालो का यावर भांडलेले असतात.

मग ही शक्ती त्यांना सुचली कुठून? पोथीतून नाही, प्रयोगशाळेतून. वीज, चुंबकत्व, उष्णता ही सगळी एकाच मूळ शक्तीची रूपं असावीत, असं मायकेल फॅरेडे मांडत होता. कादंबरीत त्याचा हवाला सरळ दिलाय. जोडीला मेस्मेरिझम, म्हणजे हात फिरवून माणसाला गुंगीत नेण्याचं त्या काळचं खूळ. लिटनने एका मित्राला पत्रात लिहिलंय की व्रिल म्हणजे विजेचंच पुढचं रूप, जिचे उपयोग आज आपल्याला अंधुकच दिसतात.

भारत यात येतो, पण वेगळ्या वाटेने. पुस्तक अर्पण केलंय मॅक्स म्युलरला, आणि पाताळातल्या लोकांची भाषा आर्य भाषांच्या नात्यातली दाखवलीय. तेव्हाची ती फॅशनच होती.

खरी गडबड पुढे झाली. १८७७ साली मॅडम ब्लाव्हाट्स्की यांनी 'आयसिस अनव्हेल्ड' लिहिलं. त्यात त्यांनी व्रिल आणि आपल्याकडचं 'आकाश' तत्त्व एकाच माळेत ओवलं. वर सूचित केलं की लेखकाने खरी गोष्ट वाचकांना कल्पना म्हणून घेऊ दिली. १८७९ मध्ये बाई मुंबईत आल्या, गिरगावात राहिल्या आणि त्याच वर्षी तिथून 'द थिऑसॉफिस्ट' मासिक सुरू केलं. कादंबरीतल्या शक्तीला संस्कृत नाव चिकटलं ते असं, एका रशियन बाईच्या इंग्रजी पुस्तकात.

विलायतेत मात्र लोकांनी मजा केली. गोमांसाच्या अर्काला एका व्यापाऱ्याने 'बॉव्हरिल' नाव दिलं: बैलासाठीचा लॅटिन शब्द अधिक व्रिल. (ऋषींची शक्ती म्हणून हे फिरवणाऱ्यांनी एवढं एक वाक्य तरी वाचावं.) १८९१ च्या मार्चमध्ये लंडनच्या रॉयल अल्बर्ट हॉलमध्ये कादंबरीवर बेतलेली जत्राच भरली, रुग्णालयाच्या मदतीसाठी.

आणि हिटलर? १९४७ साली जर्मनीतून अमेरिकेत गेलेल्या विली ले या रॉकेटतज्ज्ञाने एका विज्ञानकथा मासिकात लिहिलं की बर्लिनमध्ये व्रिल शोधणारा एक गट होता. एवढंच. १९६० मध्ये पॉवेल्स आणि बर्जिए या दोघांनी फ्रेंच पुस्तकात त्याची 'व्रिल सोसायटी' केली आणि तिला नाझींच्या गाभ्यात बसवलं. तबकड्या त्याहूनही नंतरच्या. निकोलस गुडरिक-क्लार्क या इतिहासकाराने नाझींभोवतीच्या असल्या दंतकथांची साल काढलीय. मेसेजमधलं 'वैमानिक शास्त्र' घ्या. बंगळूरच्या इंडियन इन्स्टिट्यूट ऑफ सायन्सच्या अभ्यासकांनी १९७४ मध्येच तपासून सांगितलं की हा ग्रंथ विसाव्या शतकाच्या सुरुवातीचा आहे आणि त्यातली विमानं उडू शकत नाहीत.

लिटन हे नाव ओळखीचं वाटलं ना? वाटणारच. या लेखकाचा मुलगा रॉबर्ट लिटन १८७६ ते १८८० आपला व्हाइसरॉय होता. सोलापूर, नगर, सातारा दुष्काळात होरपळत असताना १८७७ च्या पहिल्या दिवशी त्याने दिल्लीत दरबार भरवला. १८७८ मध्ये देशी भाषांतल्या वृत्तपत्रांच्या मुसक्या बांधणारा कायदा आणला. बापाची कल्पना आपण इतिहास म्हणून फिरवतोय आणि लेकाने जे खरंच केलं ते ग्रुपवर कुणाच्या गावीही नाही.

सर, कादंबरी फुकट मिळते, कॉपीराइट केव्हाच संपलाय. पीडीएफ तुमच्या नंबरवर पाठवलीय. पहिली काही पानं जरा जड आहेत, पण खाणीत उतरल्यावर मजा येते.