रक्ताची वाट

रक्ताचं नातं, रक्ताचं पाणी करणं, रक्त उसळणं. आम्हा कवींचं तर रक्तावाचून पान हलत नाही. पण हे रक्त शरीरात कुठून कुठे जातं, हे कळायला माणसाला कित्येक शतकं लागली. मी साधा बी.ए., वैद्यक माझा प्रांत नव्हे. तरी ही हकिगत मला सांगावीशी वाटते.

दुसऱ्या शतकातला ग्रीक वैद्य गॅलन सांगे, की रक्त यकृतात तयार होतं आणि पाटाचं पाणी शेतात जिरावं तसं अवयवांत जिरतं. त्यातलं थोडं हृदयाच्या उजव्या कप्प्यातून मधल्या पडद्याच्या छिद्रांवाटे डावीकडे झिरपतं. ही छिद्रं कुणी पाहिली नव्हती, पण गॅलनचा शब्द हजार वर्षं प्रमाण राहिला.

१२४२च्या सुमारास कैरोतल्या इब्न अल्-नफीस या हकिमानं इब्न सीनाच्या ग्रंथावर भाष्य लिहिलं. पूर्वसूरींना तो मानत होता. तरीही त्यानं स्वच्छ लिहिलं, की या पडद्याला दिसणारी वा न दिसणारी छिद्रं नाहीत. रक्त उजवीकडून फुप्फुसात जातं, तिथे हवेशी मिसळतं आणि मग डावीकडे येतं.

काही मंडळी अभिमानानं म्हणतात, की हार्वेच्या आधी आपल्याच माणसानं रक्ताभिसरण शोधलं. मला हे पटत नाही. इब्न अल्-नफीसनं फुप्फुसापुरती वाट दाखवली. सबंध शरीरातला फेरा १६२८मध्ये इंग्लंडच्या विल्यम हार्वेनं सिद्ध केला. त्यानं दंडाला पट्टी आवळून शिरा तपासल्या आणि हिशोब मांडला. अर्ध्या तासात हृदय जेवढं रक्त ढकलतं, तेवढं सबंध शरीरातही नसतं. म्हणजे तेच रक्त रहाटासारखं फिरत असलं पाहिजे! रोहिणी आणि नीला यांना जोडणाऱ्या केशवाहिन्या मात्र हार्वेला दिसल्या नाहीत. त्या १६६१मध्ये इटलीच्या माल्पिघीनं सूक्ष्मदर्शकातून बेडकाच्या फुप्फुसात पाहिल्या.

इब्न अल्-नफीसचा हा शोध युरोपात फारसा कुणाला ठाऊक नव्हता. १९२४मध्ये मुहियुद्दीन ततावी या इजिप्शियन डॉक्टरनं बर्लिनच्या ग्रंथालयातल्या हस्तलिखितावरून तो उजेडात आणला. तेव्हा कुठे जगाला कळलं.

एकाचं श्रेय वाढवायला दुसऱ्याचं कापावं लागत नाही. गॅलनला मानूनही ‘छिद्र नाही’ म्हणणं, एवढं धैर्यच पुष्कळ मोठं आहे. पूर्वजांचा आदर करावा, पण तो असा.