दामदुप्पट आणि घराचे गहाण

आपल्या जुन्या घराण्यांच्या दप्तरांत गहाणखते आढळतात. त्या काळी व्याजाला दामदुप्पटीची मर्यादा होती : एका वेळी मुद्दलाहून अधिक व्याज वसूल करता येत नसे. मनुस्मृतीतील हा नियम मुंबई इलाख्यातील न्यायालयांनीही हिंदू ऋणकोंसाठी मानला. परंतु खत नवे करताना थकलेले व्याज मुद्दलात मिसळले जाई आणि मर्यादा निष्फळ ठरे. १२ मे १८७५ रोजी सुप्यात उसळलेल्या दंग्याचा रोख सावकारांच्या खतांवर होता. पुढे १८७९ च्या कायद्याने खतामागील मूळ व्यवहार तपासण्याचा अधिकार न्यायालयांना दिला.

आजच्या गृहकर्जाचे व्याज हप्त्याहप्त्याने फिटते. तेथे हा नियम लागू नाही. तरी मोजपट्टी म्हणून तो उपयोगी आहे. दहा लाखांचे कर्ज नऊ टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतल्यास मासिक हप्ता सुमारे ८,९९७ रुपये. पहिल्या हप्त्यातील ७,५०० रुपये निव्वळ व्याजाचे. एकूण फेड २१ लाख ५९ हजार, म्हणजे दामदुप्पटीच्याही पलीकडे! मुदत पंधरा वर्षे ठेवल्यास हप्ता ११४५ रुपयांनी वाढतो, पण ३ लाख ३३ हजार वाचतात.

नोकरीत असताना मीही केवळ हप्ताच विचारला होता. पुढील पिढीने सही करण्यापूर्वी एकूण फेड विचारावी.