स्पेनची गादी आणि कन्येचा हक्क

राजाच्या नांवामागची बिरुदावली वाचण्याचा योग आपणांपैकीं बहुतेकांना एखाद्या जुन्या तहनाम्याच्या पहिल्या पानावरच येतो, आणि तें पान आपण बहुधा न वाचतांच उलटतों. स्पेनच्या राजांची बिरुदावली तर फारच लांब. कॅस्टील, लेऑन, आरागॉन, दोन सिसिली, जेरुसलेम, नव्हार, ग्रानाडा अशी तिची सुरुवात होते. पूर्वेकडील व पश्चिमेकडील हिंदुस्थानें, ऑस्ट्रिया, बर्गंडी, मिलान अशीं वळणें घेत घेत ती अखेर बिस्के व मोलीना येथील जहागिरींपाशीं येऊन विसांवते. यांपैकीं जेरुसलेमवर स्पेनची सत्ता कधींच नव्हती. जिब्राल्टर १७०४ सालीं इंग्रजांनीं जिंकलें, १७१३ च्या उट्रेक्टच्या तहानें स्पेननें तें लिहूनहि दिलें, तरी राजाच्या नांवामागून तें हाललें नाहीं. हें पाहून वाचकांस हसूं आलें तर त्यांत नवल नाहीं. परंतु स्पेनपुरतें तरी या नांवांच्या प्रकरणाला नुसतें हसून सोडून देणें योग्य होणार नाहीं असें आम्हांस वाटतें. तेथें रणांगणावर उतरण्यापूर्वीं पुष्कळदां कागदावरच लढाई झालेली आहे, आणि त्या कागदांच्या मुळाशीं बहुधा एकच प्रश्न सांपडतो: राजाला मुलगा नसून मुलगी असेल, तर गादी तिची, कीं घराण्यांतील जवळच्या पुरुषाची?

कॅस्टीलच्या जुन्या कायद्यानें या प्रश्नाचें उत्तर दिलेलें होतें. तेराव्या शतकांत दहाव्या आल्फोन्सो राजाच्या आश्रयाखालीं 'सिएते पार्तिदास' नांवाचा कायदेग्रंथ तयार झाला. मुलगा असेल तर मुलगा, आणि मुलगा नसेल तर थोरली मुलगी, असा त्याचा नियम होता. शेजारच्या आरागॉनच्या राज्यांत मात्र प्रघात निराळा. तेथें कन्येच्या द्वारें हक्क तिच्या मुलाकडे जाऊं शके. पण तिनें स्वतः राज्य करावें हें तेथील सरदारांना रुचत नसे. हीं दोन राज्यें ज्या विवाहानें एकत्र आलीं, त्या विवाहांतच हे दोन प्रघात समोरासमोर उभे राहिले.

ता. १३ डिसेंबर १४७४ रोजीं सेगोव्हिया शहरांत इसाबेलानें स्वतःला कॅस्टीलची राणी म्हणून जाहीर करविलें. तिचा नवरा फर्डिनंड त्या वेळीं दूर सारागोसा येथें होता. मिरवणुकींत तिच्यापुढें न्यायाची नंगी तरवार धरलेली होती. तरवार हें राजाचें चिन्ह. तें एका स्त्रीपुढें चाललेलें पाहून पुष्कळांच्या भुंवया चढल्या, आणि ही वार्ता कानीं गेल्यावर फर्डिनंडला तर फारच विषाद वाटला. कॅस्टीलच्या राजघराण्याचें रक्त त्याच्याहि अंगांत होतें व तो पुरुष होता. तेव्हां खरा राजा आपण व इसाबेला ही राजाची पत्नी, अशी त्याच्या पक्षाची समजूत. अखेर जानेवारी १४७५ मध्यें उभयतांत करार झाला. हुकमांत, जाहीरनाम्यांत व नाण्यांवर राजाचें नांव आधीं, राणीचें मागून. परंतु ढालीवर कॅस्टीलचीं चिन्हें आधीं, आरागॉनचीं मागून. किल्लेदारांनीं इमानाची शपथ घ्यावयाची ती मात्र राणीच्याच नांवें. पतीचा मान त्याला मिळाला आणि राज्य तिच्या हातीं राहिलें! त्या वेळच्या एका बखरकारानें इसाबेलाच्या तोंडीं जो युक्तिवाद घातला आहे तो मार्मिक आहे. आपल्याला एकुलती एक मुलगीच आहे. आज स्त्रीचा हक्क नाहीं असें ठरविलें, तर उद्यां हें राज्य आपल्या मुलीलाहि मिळणार नाहीं, असा त्याचा आशय. बापाच्या मनाला हें पटण्यासारखें होतें.

पण येथें एक गोष्ट विसरतां कामा नये. कन्येच्या हक्काची ही कैवारी राणी स्वतः गादीवर बसली ती भावाच्या कन्येला बाजूला सारूनच. मृत राजा चौथा एन्रिक याची मुलगी हुआना तेव्हां बारा वर्षांची होती. ती राजाची औरस मुलगी नव्हे असें तिचे शत्रु म्हणत, आणि ज्या सरदारावर त्यांचा संशय होता त्याच्या नांवावरून त्यांनीं तिला 'बेल्त्रानेहा' हें कुत्सित नांव दिलें. यावरून चार वर्षें युद्ध झालें. १४७९ च्या तहानें हुआनाचा पक्ष संपला व ती पोर्तुगालांत मठवासिनी झाली. परंतु १५३० सालीं मरेपर्यंत ती आपली सही 'मी राणी' अशीच करीत राहिली. सैन्य गेलें, राज्य गेलें, तरी तेवढे दोन शब्द तिनें सोडले नाहींत. स्पेनच्या इतिहासांतील साऱ्या बिरुदावळींत आम्हांला हे दोन शब्द अधिक चटका लावणारे वाटतात.

इसाबेलाची मुलगीहि हुआनाच. मोठा भाऊ, मोठी बहीण आणि बहिणीचें तान्हें मूल असे तिघे एकामागून एक वारल्यामुळें ती वारस झाली, आणि १५०२ सालीं आरागॉनच्या प्रतिनिधींनींहि प्रघात बाजूस ठेवून तिच्या नांवें शपथ घेतली. १५०४ सालीं आई वारल्यावर ती कॅस्टीलची राणी झाली. परंतु तिच्या मनाचा तोल गेला आहे असें आधीं नवऱ्यानें, मग बापानें आणि शेवटीं मुलानें ठरविलें. १५०९ पासून १५५५ सालीं मरेपर्यंत ती तोर्देसियास येथें बंदिवासांत होती. तिचा रोग किती आणि या तिघांची सोय किती, हा वाद अजून मिटलेला नाहीं. मुलगा कार्लोस, जो पुढें बादशहा झाला, त्यानें १५१६ सालीं आई जिवंत असतांच राजा हें पद धारण केलें. तेव्हां कॅस्टीलच्या 'कोर्तेस' सभेनें १५१८ सालीं त्याला मान्यता देतांना सरकारी कागदांत आईचें नांव आधीं व मुलाचें मागून असावें असें ठरविलें. त्याप्रमाणें बंदीखान्यांतल्या त्या राणीचें नांव राज्याच्या कागदांवर जवळजवळ चाळीस वर्षें अग्रस्थानीं झळकत राहिलें! १५२० सालीं शहरांनीं बंड केलें तेव्हां पुढारी तिच्याकडे धांवले; तिच्या एका सहीनें कार्लोसचें राज्य डळमळलें असतें. तिनें सही केली नाहीं.

याच घराण्याच्या वारसाहक्काचा एक धागा आमच्या गोमंतकापर्यंत येऊन पोंचतो. १५८० सालीं पोर्तुगालचा राजा निपुत्रिक वारला. कार्लोसचा मुलगा दुसरा फिलिप यानें तें राज्य मागितलें तें आईच्या बाजूनें; ती पोर्तुगालच्या मानुएल राजाची मुलगी होती. त्याच राजाची नात, ब्रागान्साची कातारीना, हिचाहि दावा होता. परंतु सैन्य फिलिपकडे होतें. १५८१ सालीं तोमार येथील सभेनें त्याला राजा मानलें, आणि स्पेनचा दुसरा फिलिप पोर्तुगालचा पहिला फिलिप झाला. पोर्तुगालचा कारभार पोर्तुगीजांच्याच हातीं राहील असें त्यानें तेथें वचन दिलें होतें. त्यामुळें गोव्याचे व्हाइसरॉय नांवानें व भाषेनें पोर्तुगीजच राहिले, पण त्यांचा धनी पुढें साठ वर्षें माद्रिदला होता. १६४० सालीं लिस्बनला उठाव होऊन जो राजा झाला तो त्याच कातारीनाचा नातू.

आतां आपण ज्या कागदानें स्पेनमध्यें पुढें रक्ताचे पाट वाहविले त्याकडे वळूं. १७०० सालीं हॅप्सबुर्ग घराण्याचा शेवटचा राजा दुसरा कार्लोस निपुत्रिक मेला आणि मृत्युपत्रानें राज्य फ्रान्सच्या चौदाव्या लुईच्या नातवाला, पांचव्या फिलिपला, देऊन गेला. या फिलिपचा हक्क कोणता? त्याची आजी स्पेनच्या राजाची कन्या होती, हाच. स्त्रीच्या द्वारें मिळालेल्या या राज्यासाठीं युरोपभर बारा-तेरा वर्षें युद्ध झालें. आणि तें संपत येतांच, ता. १० मे १७१३ रोजीं, याच फिलिपनें नवा नियम केला कीं, आपल्या वंशांत पुरुषपरंपरेनें आलेला एकहि पुरुष शिल्लक असेपर्यंत कोणत्याहि कन्येस गादी मिळूं नये. ज्या शिडीनें आपण वर चढलों ती वर ओढून घेण्याचा हा प्रकार होय. पुन्हां एखाद्या कन्येच्या लग्नाबरोबर राज्य परक्या घराण्यांत जाऊं नये, हा त्यांतील हेतु उघड आहे व तो अगदींच निराधार होता असें आम्ही म्हणत नाहीं. पण कॅस्टीलच्या सल्लागार मंडळाला हा बदल पसंत नव्हता. मंडळानें प्रथम दिलेलें मत राजानें जाळून टाकविलें व प्रत्येक सभासदाचें मत निरनिराळें, लखोटा बंद करून मागविलें, असें त्या काळच्या एका इतिहासलेखकानें लिहून ठेविलें आहे.

१७८९ सालीं चौथ्या कार्लोसनें कोर्तेस बोलावून हा नियम गुपचूप फिरविला. प्रतिनिधींना गुप्ततेची शपथ घातली, जुना कायदा पुन्हां चालू करावा असा त्यांचा अर्ज घेतला, त्यावर संमति दिली, आणि तो कागद दप्तरांत ठेवून दिला. तो प्रसिद्ध केला त्याच्या मुलानें, सातव्या फर्डिनंडनें, मार्च १८३० मध्यें. म्हणजे तब्बल चाळीस वर्षांनीं, व तेंहि त्याची चौथी बायको गरोदर असतां. ऑक्टोबरांत मुलगी झाली. तिचें नांव इसाबेला.

फर्डिनंडचा धाकटा भाऊ दोन कार्लोस इतकीं वर्षें वारस म्हणून वावरत होता. त्याच्या पक्षाचे मुद्दे कायद्याच्या दृष्टीनें पोकळ नव्हते. १७८९ चा ठराव प्रसिद्ध न झाल्यामुळें तो कायदाच नव्हे. १८०५ सालीं छापलेल्या अधिकृत कायदेसंग्रहांत १७१३ चाच नियम आहे. आणि दोन कार्लोसचा जन्म १७८८ चा, म्हणून एकदां जन्मानें आलेला हक्क मागाहून काढतां येत नाहीं, असें ते म्हणत. तथापि स्वतः पांचव्या फिलिपनें पूर्वीच्या हक्कांना कितपत मान दिला होता, याचें उत्तर त्यांच्यापाशीं नव्हतें. शिवाय भांडण नुसत्या वारसाचें उरलेलें नव्हतें. जुनी अनियंत्रित सत्ता, धर्मगुरूंचें वर्चस्व आणि बास्क प्रांतांचे जुने हक्क यांना जपूं पाहणारे लोक चुलत्याभोवतीं जमले, म्हणून राज्यघटना हवी असणाऱ्यांना मुलीभोवतीं जमावें लागलें. ती बिचारी पाळण्यांत होती.

सप्टेंबर १८३२ मध्यें ला ग्रांखाच्या वाड्यांत राजा मरणोन्मुख पडला. यादवीच्या भयानें त्याच्याकडून मुलीचा हक्क रद्द करणाऱ्या कागदावर सही घेण्यांत आली. हें ऐकून राणीची बहीण लुईसा कार्लोता आंदालुसियाहून धांवत आली. तिनें तो कागद फाडला आणि मंत्री कालोमार्दे याच्या श्रीमुखांत दिली, अशी कथा आहे. ती अक्षरशः खरी असो वा नसो, राजा वांचला आणि वर्षाखेरीस आपली सही रद्द असल्याचें त्यानें जाहीर केलें, हें खरें. या बाईंचाच मुलगा पुढें इसाबेलाचा नवरा झाला, हेंहि जातां जातां सांगून ठेवावेंसें वाटतें.

ता. २९ सप्टेंबर १८३३ रोजीं फर्डिनंड मेला, तेव्हां राणी तीन वर्षांचीहि झालेली नव्हती. दोन कार्लोसनें 'पांचवा कार्लोस' ही पदवी धारण केली व युद्ध पेटलें. १८३९ च्या व्हेर्गाराच्या तहानें उत्तरेंत तें थांबलें. पूर्वेकडे तें पुढच्या उन्हाळ्यापर्यंत चाललें. कैद्यांना सरसकट गोळ्या घालण्याइतकी क्रूरता दोन्ही बाजूंनीं झाली. ती आटोक्यांत आणण्यासाठीं १८३५ सालीं एका इंग्रज सरदाराला मध्यस्थी करावी लागली.

मग दोन्ही पक्ष लग्नानें एक करावे असा विचार निघाला. १८४५ सालीं दोन कार्लोसनें आपला दावा मुलाला, मोन्तेमोलीनच्या काउंटला, दिला. त्याचें व इसाबेलाचें लग्न व्हावें असें बाल्मेससारखे विचारी लोकहि म्हणूं लागले. परंतु एका पक्षाला तो राजा म्हणून हवा होता. दुसऱ्याला, झालाच तर, राणीचा नवरा म्हणून. तीनशें सत्तर वर्षांपूर्वीं सेगोव्हियाच्या करारानें ही गांठ सोडविली होती. या वेळीं ती कोणालाच सोडवितां आली नाहीं. पुढें आणखी दोन युद्धें झालीं, त्यांतलें शेवटचें १८७६ सालीं संपलें. मध्यंतरीं १८६८ सालीं इसाबेला पदच्युत झाली, कोर्तेसनें १९१ मतांनीं इटलीचा एक राजपुत्र गादीवर आणला, तो दोन वर्षांत कंटाळून गेला, प्रजासत्ताक आलें व गेलें, आणि इसाबेलाचा मुलगा बारावा आल्फोन्सो राजा झाला.

हा आल्फोन्सो नोव्हेंबर १८८५ मध्यें वारला. मागें दोन मुली, आणि राणी गरोदर. थोरली मर्सेडीस पांच वर्षांची. कायद्याप्रमाणें ती राणी होणार. पण भाऊ झाला तर नाहीं. म्हणून सहा महिने स्पेनचें सिंहासन, म्हटलें तर, रिकामेंच होतें. ता. १७ मे १८८६ रोजीं मुलगा झाला व तो जन्मतःच राजा ठरला. मर्सेडीस मात्र 'आस्तुरियासची राजकन्या', म्हणजे त्याच्यामागची वारस, या पदवीनिशीं १९०४ सालीं मरेपर्यंत तशीच राहिली. कॅस्टीलच्या वारसाची ही पदवी १३८८ पासून चालत आलेली आहे.

तेरावा आल्फोन्सो १९३१ सालीं देश सोडून गेला. पुढें फ्रँकोनें १९४७ सालीं कायदा करून स्पेन हें राज्य आहे असें जाहीर केलें, पण राजा नेमला नाहीं. आणि त्या कायद्यांत स्त्रीला पुन्हां वगळलें. १९६९ सालीं त्यानें हुआन कार्लोसला वारस नेमलें तेव्हां त्याला जुनी पदवी न देतां 'स्पेनचा राजपुत्र' ही नवीच पदवी दिली. गादी घराण्याकडून नव्हे, माझ्याकडून मिळत आहे, हें तींत सुचविलेलें होतें. हुआन कार्लोसचे वडील जिवंत होते. त्यांनीं आपला हक्क सोडला तो १९७७ सालीं, म्हणजे मुलगा राजा झाल्यावर दीड वर्षानें.

१९७८ च्या राज्यघटनेनें राजाची पदवी 'स्पेनचा राजा' एवढीच ठेविली व मुकुटाच्या इतर पदव्या वापरण्याची मुभा दिली. वारसाचा नियम मात्र जवळजवळ दहाव्या आल्फोन्सोचाच: मुलगा आधीं, तो नसेल तर मुलगी. म्हणूनच १९६३ व १९६५ सालीं जन्मलेल्या दोन वडील बहिणी असतां १९६८ सालीं जन्मलेला सहावा फिलिप २०१४ सालीं गादीवर आला. हा नियम बदलावा असें पुष्कळ वर्षें बोललें जात आहे. पण घटनेचा हा भाग बदलावयाचा तर दोन्ही सभागृहांत दोन-तृतीयांश मतें, कोर्तेसचें विसर्जन, नवी निवडणूक, नव्या सभागृहांची पुन्हां तितकीच संमति आणि शेवटीं सार्वमत इतकें सारें करावें लागतें. फिलिपला मुलगा नाहीं, दोन मुलीच आहेत. त्यामुळें घाईहि कोणाला नाहीं. थोरली लेओनोर हिनें ता. ३१ ऑक्टोबर २०२३ रोजीं, अठरा वर्षें पूर्ण होतांच, कोर्तेसपुढें घटनेची शपथ घेतली. ती गादीवर आली तर १८६८ नंतर स्पेनवर स्वतःच्या हक्कानें राज्य करणारी ती पहिली स्त्री होईल.