मूकपटाकडून बोलपटाकडे : बाबूराव पेंढारकर यांच्या सहाय्यक भूमिकांचा ऐतिहासिक विचार

प्रस्तावना :
भारतीय चित्रपटाचा इतिहास प्रामुख्याने दिग्दर्शक, निर्मितीसंस्था आणि नायक-नायिका यांच्या अनुषंगाने लिहिला गेला आहे. सहाय्यक नटाचे स्थान त्यात श्रेयनामावलीपुरतेच राहते. वास्तविक मूकपटाकडून बोलपटाकडे झालेले संक्रमण समजून घेण्यासाठी असा नट हा महत्त्वाचा दुवा ठरतो. प्रस्तुत लेखात बाबूराव पेंढारकर (१८९६-१९६७) यांच्या कारकिर्दीच्या आधारे या संक्रमणाचा विचार केला आहे.

मूकपटाचा कालखंड :
बाबूराव पेंटर यांच्या कोल्हापूर येथील महाराष्ट्र फिल्म कंपनीचा 'सैरंध्री' १९२० मध्ये प्रदर्शित झाला. याच कंपनीत पेंढारकरांची जडणघडण झाली. त्या काळी नट हा केवळ नट नसे. पडेल ते काम अंगावर घेणारा तो कंपनीचा माणूस असे. पुढे धाकटे बंधू भालजी पेंढारकर यांच्यासमवेत त्यांनी 'वंदे मातरम् आश्रम' (१९२६) या मूकपटाची निर्मिती केली. राष्ट्रीय शिक्षणाचा पुरस्कार करणाऱ्या या चित्रपटाला सरकारी परीनिरीक्षणाचा फटका बसला. मूकपटात वाणीला वाव नसल्याने मुद्रा, नजर आणि देहाची ठेवण हीच नटाची साधने होती.

ध्वनीचे आगमन :
१४ मार्च १९३१ रोजी 'आलम आरा' प्रदर्शित झाला आणि नटाच्या योग्यतेचे निकष बदलले. पार्श्वगायनाची पद्धत १९३५ च्या सुमारास आली. तत्पूर्वी नटाला स्वतःच गावे लागे. परिणामी नायकाच्या भूमिकेसाठी संगीत रंगभूमीवरील गायक नटांना मागणी आली. प्रभात फिल्म कंपनीच्या 'अयोध्येचा राजा' (१९३२) मध्ये हरिश्चंद्राची भूमिका गोविंदराव टेंबे यांनी केली, ती याच कारणाने. त्याच चित्रपटात तारामतीला विकत घेणाऱ्या गंगानाथाची खलभूमिका पेंढारकरांनी साकारली. खलनायकाला गळ्यापेक्षा शब्दफेकीची आणि नजरेच्या धाकाची अधिक गरज होती. मूकपटात कमावलेली मुद्रा येथे वाणीच्या जोडीला उभी राहिली. थोडक्यात, गाण्याने नायकपदाची वाट अरुंद केली, तरी सहाय्यक भूमिकेची वाट मोकळीच राहिली.

उत्तरकाळ :
१९३६ मध्ये मास्टर विनायक व छायालेखक पांडुरंग नाईक यांच्यासह पेंढारकरांनी हंस पिक्चर्सची स्थापना केली. संस्थेच्या 'छाया' (१९३६) या पहिल्या चित्रपटाची कथा वि. स. खांडेकरांची होती. पौराणिक विषयांकडून सामाजिक विषयांकडे झालेल्या या वाटचालीत पेंढारकर नट आणि निर्माता अशा दोन्ही नात्यांनी सहभागी होते. व्ही. शांताराम यांच्या 'डॉ. कोटणीस की अमर कहानी' (१९४६) मध्ये त्यांनी चिनी सेनानीची भूमिका केली. 'दो आँखें बारह हाथ' (१९५७) मध्येही ते होते. तत्पूर्वी आचार्य अत्रे यांच्या 'महात्मा फुले' (१९५४) मध्ये शीर्षकभूमिका त्यांच्याकडे आली, तेव्हा ते साठीकडे झुकले होते.

साधनांचा प्रश्न :
भारतात तेराशेंच्या आसपास मूकपट निर्माण झाले; त्यांपैकी फारच थोडे आज उपलब्ध आहेत. जानेवारी २००३ मध्ये पुण्यात नायट्रेट फिल्मच्या साठ्याला लागलेल्या आगीने या वारशाची आणखी हानी केली. नायकाची कीर्ती छायाचित्रे, जाहिराती आणि परीक्षणे यांतून काही प्रमाणात टिकते. सहाय्यक नटाची कला मात्र फितीबरोबरच नष्ट होते. 'चित्र आणि चरित्र' हे पेंढारकरांचे आत्मचरित्र त्यामुळे मोलाचे साधन ठरते. तथापि आत्मचरित्र हे अभिनयाचा पुरावा नव्हे, याचे भान अभ्यासकाने ठेवावयास हवे.

निष्कर्ष :
१) ध्वनीच्या आगमनाचा परिणाम सर्व नटांवर सारखा झाला नाही, गायनाची अट मुख्यतः नायक-नायिकांपुरती होती.
२) मूकपटातील देहबोलीची परंपरा बोलपटात टिकविण्याचे कार्य मोठ्या प्रमाणात सहाय्यक नटांनी केले.
३) कंपनीत मिळालेल्या बहुविध अनुभवामुळे असा नट पुढे निर्माताही होऊ शकला.
४) श्रेयनामावलीतील दुसऱ्या-तिसऱ्या नावांचा शोध घेतल्याखेरीज मराठी चित्रपटाचा इतिहास पूर्ण होणार नाही.