झीलकरी : मागे उभे राहून गाणाऱ्यांचा इतिहास

(१)
५ नोव्हेंबर १८४३. सांगली संस्थानाचे अधिपती चिंतामणराव आप्पासाहेब पटवर्धन यांच्या आश्रयाने विष्णु अमृत भावे या तरुणाने ‘सीता स्वयंवर’ हे नाटक सादर केले. मराठी रंगभूमीचा आरंभ या प्रयोगापासून मानला जातो आणि ५ नोव्हेंबर हा ‘मराठी रंगभूमी दिन’ म्हणून पाळला जातो. या नाटकात पदे भरपूर होती. पण राम, सीता, रावण यांची सोंगे घेतलेले नट ती गात नव्हते. गात होते ते दुसरेच.

(२)
पदे म्हणण्याचे काम सूत्रधाराचे. तो रंगभूमीवर एका बाजूस उभा राही आणि त्याच्या पाठीशी झांज-मृदंग घेतलेले साथीदार असत. सूत्रधाराने पदाची ओळ म्हणावी, साथीदारांनी ती उचलून धरावी आणि त्या वेळात पात्राने हावभाव करावेत, असा क्रम असे. पद संपले की त्याच्या अर्थाला धरून पात्रे आयत्या वेळी सुचेल ते गद्य भाषण करीत. या मागून गाणाऱ्या साथीदारांना मराठीत जुना शब्द आहे : झीलकरी.

(३)
ही रचना भाव्यांनी शून्यातून उभी केली नव्हती. १८४२च्या सुमारास कर्नाटकातून आलेल्या भागवत मंडळींचे खेळ आप्पासाहेबांनी पाहिले होते आणि तशी नाटके मराठीत व्हावीत, ही इच्छा त्यांनीच बोलून दाखवली होती. यक्षगानात ‘भागवत’ म्हणजे गायक, आणि खेळाची सूत्रेही त्याच्याच हाती असतात. कोकणातल्या दशावतारातही गाणारा सूत्रधार आहेच. सोंग एकाचे आणि स्वर दुसऱ्याचा, हा व्यवहार त्या काळच्या प्रेक्षकाला सवयीचा होता.

(४)
१८५१मध्ये आप्पासाहेब निवर्तले आणि राजाश्रय संपला. भाव्यांची मंडळी गावोगाव खेळ करू लागली. १८५३मध्ये मुंबईच्या ग्रँट रोडवरील नाट्यगृहात तिचे प्रयोग झाले. भाव्यांचे नाव इतिहासात राहिले, आप्पासाहेबांचे राहिले. सूत्रधाराच्या पाठीशी उभे राहून दर पदाची ओळ उचलणाऱ्यांचे काय झाले? त्या प्रश्नाचे उत्तर शोधायचे तर नाटकापेक्षा जुन्या दोन परंपरांकडे वळावे लागते : पोवाडा आणि तमाशा.

(५)
त्याआधी भूगोलाविषयी एक खुलासा. आजचा सांगली जिल्हा ब्रिटिश अमदानीत एकसंध नव्हता. सांगली, मिरज ही पटवर्धनांची संस्थाने होती, तर वाळवा, तासगाव, खानापूर हा मुलूख सातारा जिल्ह्यात मोडत असे. १९४९मध्ये ‘दक्षिण सातारा’ हा जिल्हा निर्माण झाला आणि १९६०मध्ये त्याला ‘सांगली’ हे नाव मिळाले. म्हणून येथील शाहिरांची जन्मगावे आज सांगलीत दिसतात आणि जुन्या कागदांत साताऱ्यात.

(६)
आता पोवाडा. या परंपरेतील उपलब्ध रचनांत अतिशय जुनी मानली जाते ती अज्ञानदासाची, अफझलखानाच्या वधावरची. ती घटना १० नोव्हेंबर १६५९ रोजी आजच्या सातारा जिल्ह्यातील प्रतापगडाच्या पायथ्याशी घडली. पोवाडा गाताना शाहीर पुढे असतो, हाती डफ. मागे दोघे-तिघे झीलकरी, त्यांच्याकडे तुणतुणे आणि झांज. शाहीर ओळ संपवतो आणि मागून वरच्या पट्टीत ‘जी जी जी’ उठते.

(७)
हे ‘जी जी जी’ म्हणजे नुसती भर नव्हे. उघड्या मैदानात, ध्वनिक्षेपकावाचून, शेकडो लोकांना ऐकू जाईल अशा चढ्या आवाजात गाणाऱ्याचा श्वास ओळीगणिक संपतो. झील चालू असते तेवढ्या अवकाशात शाहीर श्वास घेतो आणि पुढचा चरण आठवतो. लय सुटू लागली तर झांज ती सावरते. स्वर उतरू लागला तर तुणतुण्याची एकच तार त्याला जागेवर आणते. तासभर चालणारा पोवाडा एकट्याच्या छातीवर पेलत नाही.

(८)
झीलकऱ्याचे दुसरे काम श्रोत्याच्या वतीने बोलण्याचे. कथेच्या ऐन वळणावर ‘मग पुढं काय झालं?’ असे विचारणारा, वीराच्या पराक्रमाला ‘हां जी’ म्हणून दाद देणारा, शाहिराच्या गद्य बोलण्याला हुंकार भरणारा तोच. श्रोत्यांच्या मनातला प्रश्न त्याच्या तोंडून बाहेर पडतो. गायक आणि समाज यांच्यामधली ही जागा रिकामी राहिली, तर पोवाड्याचे स्वगत होईल.

(९)
तमाशात हीच भूमिका ‘सुरत्या’ बजावतो. गण, गवळण, बतावणी, लावणी, वग असा तमाशाचा क्रम. ढोलकी, हलगी, कडे, झांज, तुणतुणे ही वाद्ये. नायक, सोंगाड्या, नाचणारी स्त्री किंवा पूर्वीच्या काळी नाच्या पोरगा हे प्रेक्षकांच्या नजरेसमोर. सुरत्ये त्यांच्या मागे. मुख्य गाणाऱ्याने चरण सोडला की सुरत्याने तो हवेत धरून ठेवायचा, म्हणजे पुढचा चरण त्याच उंचीवरून सुरू करता येतो. रात्रभराच्या खेळात सर्वांत कमी विसावा ज्यांच्या गळ्याला मिळतो, त्यांत सुरत्या आलाच.

(१०)
वाळवा तालुक्यातील रेठरे हरणाक्ष येथे १८६६मध्ये श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी यांचा जन्म झाला. महाराष्ट्र त्यांना पठ्ठे बापूराव म्हणून ओळखतो. ब्राह्मण कुळात जन्मून ते तमाशाच्या फडात उतरले, आणि तमाशा ही प्रामुख्याने महार व मांग समाजातील कलावंतांनी जिवंत ठेवलेली कला. बापूरावांच्या लावण्या लोकांच्या तोंडी राहिल्या. पवळाबाई हिवरगावकर यांचे नाव त्यांच्या नावाशी कायमचे जोडले गेले. त्यांच्या मागे झील धरणाऱ्यांना मात्र अशी प्रसिद्धी लाभली नाही.

(११)
नाव टिकते कसे आणि पुसले जाते कसे, याची यंत्रणा समजून घेण्यासारखी आहे. लावणी आणि पोवाडा यांच्या अखेरच्या चरणात कवी स्वतःचे नाव गुंफतो. त्याला नाममुद्रा म्हणतात. रचना जितक्या वेळा गाईली जाईल, तितक्या वेळा ते नाव उच्चारले जाते. पुस्तक छापले गेले नाही तरी चालते. झीलकऱ्याला अशी मुद्रा नसते. विशेष म्हणजे कवीची मुद्रा श्रोत्यांपर्यंत पोहोचवणाऱ्या आवाजांत त्याचाही आवाज असतो.

(१२)
गाणाऱ्याचे नाव कवीच्या बरोबरीने टिकल्याचे एक ठळक उदाहरण पेशवाईच्या उत्तरकाळात सापडते. ‘होनाजी बाळा’ हे एकाच माणसाचे नाव, असे अनेकांना वाटते. प्रत्यक्षात ती दोन माणसे : होनाजी रचना करीत आणि बाळा करंजकर त्या गात. फडाला दोघांचे नाव लागले, म्हणून बाळा आजही आठवला जातो. फडाच्या नावात कोणाला स्थान द्यायचे, हा निर्णय किती दूरवर परिणाम करतो, ते यावरून कळते.

(१३)
१८९१मध्ये हॅरी ॲक्वर्थ आणि शंकर तुकाराम शाळिग्राम यांनी ऐतिहासिक पोवाड्यांचा मोठा संग्रह प्रसिद्ध केला. गोंधळी व शाहीर यांच्या कंठात असलेले वाङ्मय त्यामुळे कागदावर आले. मराठ्यांच्या इतिहासाच्या अभ्यासकांवर हे मोठे ऋण आहे. पण कागदावर शब्द उतरतात. झील किती उंच गेली, कोठे लांबली आणि ती कोणी धरली, हे त्या पानांत उतरणे शक्य नव्हते. मौखिक कला छापील झाली, तेव्हा कवी पानावर आला आणि साथीदार बाहेर राहिला.

(१४)
दरम्यान नाटकही बदलले होते. ३१ ऑक्टोबर १८८० रोजी पुण्यात अण्णासाहेब किर्लोस्करांच्या ‘संगीत शाकुंतल’चा पहिला प्रयोग झाला. पात्रांनी आपली पदे आपणच गावीत, हा त्यातला निर्णायक बदल. सूत्रधार नांदीनंतर आत जाऊ लागला आणि झीलकऱ्यांचे रंगभूमीवरील प्रयोजन ओसरले. पुढे ज्यांचे मूळ गाव सांगली जिल्ह्यातील नागठाणे, त्या बालगंधर्वांच्या मागे कादरबक्षांची सारंगी आणि अहमदजान थिरकवाँचा तबला होता. मागची जागा वाद्यांनी घेतली.

(१५)
मागे बसून गाण्याचा आणखी एक प्रकार सांगलीच्या शेजारी, मिरजेत, बहरला. बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांनी येथे शिष्य घडवले. विष्णु दिगंबर पलुस्कर त्यांपैकी एक. पुढे अब्दुल करीम खाँ मिरजेत स्थायिक झाले. ख्यालगायकीत शिष्य तंबोरा घेऊन गुरूच्या मागे बसतो आणि गुरू थांबेल तेथे स्वर भरतो. ती त्याची शाळाच असते, आणि कालांतराने तो पुढे येऊन बसतो. सुरत्याला अशी बढती क्वचितच लाभली. मागची जागा एकीकडे पायरी ठरली आणि दुसरीकडे मुक्काम.

(१६)
विसाव्या शतकात झीलेला नवा अर्थ मिळाला. सातारच्या प्रतिसरकारच्या काळात, १९४३ ते १९४६ दरम्यान, खेड्यापाड्यांत राजकीय जागृतीचे काम शाहिरांनीही केले. वाळवा तालुक्यातील वाटेगावात १ ऑगस्ट १९२० रोजी जन्मलेल्या अण्णा भाऊ साठे यांनी मुंबईत अमर शेख आणि द. ना. गव्हाणकर यांच्यासह १९४४मध्ये ‘लाल बावटा कलापथक’ उभारले. येथे तिन्ही नावे एकत्र घेतली जातात. कामगारांच्या सभेत झीलेचे महत्त्व वेगळे : चार शब्दांचे ते पालुपद ऐकणाऱ्यालाही उचलता येते. मग समोरचा जमावच झीलकरी होतो.

(१७)
आणि मग चित्रपट. पार्श्वगायनाने भाव्यांच्या रंगभूमीवरील जुना व्यवहार नव्या यंत्रासह परत आणला : चेहरा एकाचा, स्वर दुसऱ्याचा. सांगलीत दीनानाथ मंगेशकरांच्या बिऱ्हाडात बालपण गेलेल्या लता मंगेशकर यांचे ‘महल’ चित्रपटातील ‘आएगा आनेवाला’ हे गीत १९४९मध्ये देशभर गाजले. त्याच्या ध्वनिमुद्रिकेवर गायिका म्हणून नाव छापले होते ‘कामिनी’, म्हणजे पडद्यावरील पात्राचे! खरा आवाज कोणाचा, हे श्रोत्यांना विचारावे लागले.

(१८)
हा प्रकार केवळ भारतातला नव्हे. अमेरिकेत १९६२मध्ये ‘ही इज अ रिबेल’ हे गाणे ‘द क्रिस्टल्स’ या गटाच्या नावाने विकले गेले. प्रत्यक्षात ते डार्लीन लव्ह आणि त्यांच्या साथीदार गायिकांनी गायले होते. ठरावीक मोबदल्यावर ध्वनिमुद्रणापुरते गाणाऱ्या अशा कलावंतांना तिकडे ‘सेशन सिंगर’ म्हणतात. स्वीडनपासून अमेरिकेपर्यंतच्या संगीतव्यवसायात त्यांचा मोठा वर्ग आहे. २०१३च्या ‘ट्वेंटी फीट फ्रॉम स्टारडम’ या माहितीपटाने त्यांच्यातील काहींना कॅमेऱ्यासमोर आणले आणि त्याला ऑस्कर मिळाले.

(१९)
भारतीय पार्श्वगायकांनी ही अनामिकता बऱ्याच अंशी मोडून काढली. ध्वनिमुद्रिकांवर त्यांची नावे येऊ लागली आणि १९५९पासून फिल्मफेअरने पार्श्वगायनासाठी स्वतंत्र पुरस्कार सुरू केला. ते घडले, कारण ध्वनिमुद्रिका ही नाव छापता येणारी वस्तू होती आणि त्या नावाची मागणी करणारे लोक होते. तमाशाच्या सुरत्यापाशी यांपैकी काहीच नव्हते. फडाच्या जाहिरातीवर फडमालकाचे नाव, कर्जाच्या कागदावरही त्याचेच. मिरजेजवळच्या कवलापूरचे काळू-बाळू हे भाऊ त्या गावाचे नाव महाराष्ट्रभर घेऊन गेले. पण असा फड जितक्या माणसांच्या बळावर उभा राहतो, तितकी नावे जाहिरातीवर मावत नाहीत.

(२०)
भाषेनेही झीलकऱ्याला न्याय दिलेला नाही. ‘एखाद्याची री ओढणे’ किंवा ‘झील ओढणे’ म्हणजे स्वतःची बुद्धी न वापरता दुसऱ्याच्या म्हणण्याला मान डोलावणे. राजकीय लेखांत हे वाक्प्रचार रोज दिसतात. ज्याच्या आधाराने शाहीर श्वास घेई, ज्याच्या तारेवर त्याचा स्वर उभा राही, त्या माणसाचे काम मराठीत होयबाचे लक्षण ठरले. पोवाडा एकदा समोर बसून ऐकणाऱ्याला हा आरोप पटणार नाही.

(२१)
भाव्यांच्या झीलकऱ्यांची नावे शोधायला आता उशीर झाला आहे. पण सातारा-सांगलीतील अनेक गावांत फडाबरोबर आयुष्य घालवलेले वृद्ध सुरत्ये, ढोलकीवाले आणि शाहिरांचे साथीदार अजून आहेत. कोणत्या फडात किती वर्षे, झील कोणाकडून शिकली, रात्रीला काय मिळे, मागे आणखी कोण उभे असे, एवढे चार प्रश्न आणि मोबाइलवरील ध्वनिमुद्रण यांतून इतिहासाचे एक साधन तयार होते. पहिला प्रश्न अर्थातच नावाचा. ते पूर्ण लिहून घ्यावे, गावासह.