'पिक्चरेस्क' आणि 'निसर्गरम्य': एका विशेषणाचा मराठीतील प्रवास

पुणे-सातारा रस्त्यावर कापूरहोळ येथे भोरचा फाटा फुटतो. पूर्वेकडे नारायणपूर-सासवडची वाट जाते, त्या बाजूला पुरंदरची रांग. अलीकडे नसरापूरचे बनेश्वर. एस. टी.ची वाट पाहत या फाट्यावर उभ्या राहणाऱ्याला गेली काही वर्षे एक विशेषण सतत वाचावे लागते. डोंगरउताराचे तुकडे पाडून ते विकणाऱ्यांच्या फलकांवर ते आहे, हॉटेलांच्या पाट्यांवर आहे, सहलींच्या पत्रकांवर आहे. ते विशेषण म्हणजे 'निसर्गरम्य'. ज्यांच्या जमिनीला ते लावले जाते, त्या शेतकऱ्याच्या तोंडी ते सहसा येत नाही. त्याची जमीन वरकस असते, मुरमाड असते, पाणथळ असते. तिच्यात खाचर असते, राब असतो. ही सर्व विशेषणे आणि नामे जमीन काय देते आणि काय देत नाही, हे सांगतात. 'निसर्गरम्य' हे विशेषण ती पाहणाऱ्याला कशी दिसते, एवढेच सांगते. आणि आपण एवढेच सांगत आहोत, याचा पत्ताही लागू देत नाही.

हा पत्ता न लागणे हा प्रस्तुत लेखाचा विषय आहे. माझ्या मते 'निसर्गरम्य'च्या आजच्या अर्थामागे एक इंग्रजी विशेषण उभे आहे. आज इंग्रजीतही ते गंभीर लेखनात क्वचितच, आणि तेही थोड्या उपरोधानेच वापरले जाते. ते विशेषण 'पिक्चरेस्क'. इटालियन 'पित्तोरेस्को' आणि फ्रेंच 'पितोरेस्क' यांच्या वाटेने ते अठराव्या शतकाच्या आरंभी इंग्रजीत आले. मूळ अर्थ साधा: चित्रकाराला साजेल असे. १७५५ च्या कोशात जॉन्सनने त्याला स्वतंत्र नोंद दिली नाही. मात्र दुसऱ्या एका शब्दाचा अर्थ सांगताना तो त्याने वापरला. म्हणजे शब्द वापरात होता, पण त्याची संकल्पना अजून झालेली नव्हती. ते काम विल्यम गिल्पिन या धर्मोपदेशकाने केले. १७६८ च्या आपल्या मुद्राचित्रांवरील निबंधात त्याने 'चित्रात सुखावह वाटणारे सौंदर्य' अशा आशयाची व्याख्या केली; १७८२ साली वाय नदीवरचे त्याचे प्रवासनिरीक्षण आले, १७९२ साली तीन निबंध आले. १७९४ मध्ये युव्हडेल प्राइसने 'उदात्त' आणि 'सुंदर' या बर्कच्या दोन कोटींच्या शेजारी 'पिक्चरेस्क' ही तिसरी कोटी उभी केली. खडबडीतपणा, अनियमितता, पडझड, अकस्मात बदल ही तिची लक्षणे.

या संकल्पनेत एक निर्दयता प्रारंभापासून होती आणि गिल्पिन ती लपवीत नाही. टिंटर्नच्या भग्न मठाच्या त्रिकोणी भिंती त्याला फार सरळ वाटल्या. एखादा हातोडा विवेकाने चालविला तर चित्र सुधारेल, असे त्याने सुचविले. नैतिक दृष्टीने उद्योगी कारागीर रेंगाळणाऱ्या शेतकऱ्यापेक्षा अधिक आवडावा, परंतु चित्राच्या दृष्टीने नेमके उलटे आहे, असेही त्याने लिहून ठेवले. राबणारा माणूस चित्र बिघडवतो. ही कबुली महत्त्वाची आहे, कारण तिच्यातूनच पुढची टीका शक्य झाली. जेन ऑस्टेनच्या 'नॉर्थँगर ॲबी'मध्ये (१८१७ अखेर प्रकाशित) नायिका पुरोभाग, पार्श्वभाग आणि अंतरे यांचा पाठ घेते आणि टेकडीवर पोचताच सबंध बाथ शहर दृश्यात घेण्यास अपात्र म्हणून बाद करते. या विनोदापासून रेमंड विल्यम्सच्या 'द कंट्री अँड द सिटी' (१९७३) आणि जॉन बॅरेलच्या 'द डार्क साइड ऑफ द लँडस्केप' (१९८०) या ग्रंथांपर्यंत एक सलग परंपरा दाखविता येते. विशेषणाच्या पोटातच 'पिक्चर' असल्यामुळे 'कोणाचे चित्र, कोणी काढलेले, कोठे उभे राहून?' हा प्रश्न इंग्रजी समीक्षेला फार काळ टाळता आला नाही.

महाराष्ट्रात हे विशेषण शब्दरूपाने येण्यापूर्वी हाताच्या वळणातून आले. चित्रकार जेम्स वेल्स १७९१ मध्ये मुंबईस उतरला आणि नंतर पुण्यास येऊन त्याने सवाई माधवराव आणि नाना फडणीस यांची व्यक्तिचित्रे काढली. रेसिडेंट चार्ल्स मॅलेटच्या आश्रयाने पुण्यात चित्रविद्येचे शिक्षण सुरू झाले. गंगाराम चिंतामण तांबट या पुण्याच्या कलावंताने वेरूळ आणि कार्ले येथील लेण्यांची चित्रे मॅलेटसाठी काढली. त्याची बरीच चित्रे आज येल विद्यापीठाच्या संग्रहात आहेत. वेल्स १७९५ मध्ये वारला आणि त्याच्या वेरूळच्या रेखाटनांवरून डॅनियल काका-पुतण्यांनी १८०३ साली मोठा चित्रसंच प्रसिद्ध केला. सन लक्षात घेतले पाहिजेत. गिल्पिनचे तीन निबंध आणि प्राइसचा ग्रंथ ज्या दशकात लंडनमध्ये वाचले जात होते, त्याच दशकात एक मराठी कारागीर, परंपरेने धातूवर काम करणाऱ्या जातीतला, ती दृष्टी पेन्सिलीने शिकत होता. आपल्या वाङ्मयेतिहासात गंगाराम तांबटाला जागा नाही, हे साहजिक आहे. पण मराठी निसर्गवर्णनाचा इतिहास लिहावयाचा तर त्याचा आरंभ बहुधा कवितेपासून न करता येथून करावा लागेल.

१८१८ नंतरची गोष्ट अधिक बोचरी आहे. पेशवाई बुडाल्यावर कॅप्टन ब्रिग्ज याने नाशिककडील अनेक किल्ल्यांचे मार्ग आणि पायऱ्या सुरुंगांनी उडविल्या. हेतू लष्करी होता, कलेचा नव्हता. तरीही टिंटर्नसाठी गिल्पिनने सुचविलेला हातोडा येथे दारूगोळ्याच्या रूपाने प्रत्यक्ष चालला, आणि त्याच भग्नतेवर पुढे इंग्रज प्रवासी मोहित झाले. ग्रिंडलेच्या पश्चिम हिंदुस्थानच्या दृश्यांचा संच १८२६ ते १८३० या काळात निघाला. पुरंदरचा, ज्याच्या पायथ्याशी १६६५ चा तह झाला त्या किल्ल्याचा, गोऱ्या सैनिकांसाठी आरोग्यस्थान म्हणून उपयोग होऊ लागला. जिंकलेली भूमी देखावा झाली, असे म्हणणे फार सोपे आहे; पण कालक्रम तसाच आहे, त्याला माझा इलाज नाही.

कापूरहोळवरून पुढे जाणारी मोटार बहुधा महाबळेश्वरला निघालेली असते, आणि दृष्टीतला बदल पाहण्यासाठी महाबळेश्वरसारखे दुसरे ठिकाण नाही. तेथे दोन गावे आहेत. जुने ते क्षेत्र महाबळेश्वर: नद्यांचा उगम, पंचगंगेचे देऊळ. यात्रेकरू तेथे गोमुखाकडे तोंड करतो. दरी त्याच्या पाठीशी राहते. दुसरे गाव १८२८-२९ च्या सुमारास गव्हर्नर माल्कमच्या पुढाकाराने वसले, माल्कम पेठ. तेथे उगमाकडे पाठ करून दरीकडे तोंड करावयाचे असते, आणि ते कोठे उभे राहून करावयाचे, त्याच्या जागा ठरलेल्या आहेत. त्यांनाच आपण पॉइंट म्हणतो. मढीमहालाचे आर्थर्स सीट झाले. 'पॉइंट' हा शब्द मराठीने जसाच्या तसा घेतला, कारण त्याला प्रतिशब्दच नव्हता. पाहण्यासाठी उभे राहण्याची जागा ही आपल्या भूगोलातली वस्तूच नव्हती.

मग आपल्याकडे स्थळवर्णन नव्हते काय? होते, आणि विपुल होते. महानुभावांच्या 'स्थानपोथी'त देवळाचे दार कोणत्या दिशेला, स्वामी कोठे बसले, कोठे निजले, हे इतक्या बारकाईने नोंदले आहे की त्यावरून आजही जागा शोधता येतात. तेथे स्थळ हे दृश्य नसून स्मरण आहे. भोरच्या पलीकडे वरंधा घाट उतरल्यावर लागणाऱ्या शिवथरच्या घळीचे रामदासांनी जे वर्णन केले आहे, त्याचा भार मुख्यतः कानावर आहे: पाण्याचा घोष, त्याचा आदळ, उडणारे तुषार. कवी पाण्याच्या इतका जवळ आहे की चौकट धरायला जागाच उरत नाही. आणि संस्कृतातल्या 'रम्य'कडे पाहिले तर 'शाकुंतला'च्या पाचव्या अंकातला दुष्यंत आठवावा. रम्य वस्तू पाहून आणि मधुर शब्द ऐकून सुखी माणूसही व्याकूळ होतो, कारण नकळत पूर्वजन्मीची स्नेहबंधने मनात जागी होतात, असे तो म्हणतो. या 'रम्य'चा संबंध पाहणाऱ्याच्या स्नेहाशी आहे; तो कोठे उभा आहे, याच्याशी नाही.

आता मराठीने 'पिक्चरेस्क'चे काय केले ते पाहू. तिने त्याचे दोन तुकडे केले. एक तुकडा समीक्षेने घेतला: 'चित्रमय', 'चित्रदर्शी'. ही विशेषणे शैलीला लागतात, भूमीला नाही. चित्र त्यांच्यात शाबूत राहिले, पण ते लेखकाच्या कौशल्याचे प्रमाणपत्र म्हणून. दुसरा तुकडा भूमीला लागला: 'सृष्टिसौंदर्याने नटलेले', आणि पुढे 'निसर्गरम्य'. येथे चित्र गळाले. संस्कृत वळणाने 'निसर्गरम्य' या समासाचा विग्रह 'निसर्गतः, म्हणजे स्वभावतःच रम्य' असा होईल. संस्कृतात 'निसर्ग' म्हणजे स्वभाव, सहजता. अर्वाचीन मराठीत 'निसर्ग' म्हणजे डोंगर-झाडे-पाणी झाले आणि विग्रह 'निसर्गामुळे रम्य' असा ठरला. जुन्या अर्थाची सावली मात्र राहिली: हे स्थळ कोणी रम्य ठरविलेले नाही, ते स्वभावतःच तसे आहे. अशा रीतीने ज्या विशेषणात पाहणाऱ्याची कबुली होती, त्याच्या जागी पाहणाऱ्याला अदृश्य करणारे विशेषण आले. इंग्रजीत जो विनोद ऑस्टेनला करता आला, तो 'निसर्गरम्य'वर करता येत नाही. धरायला कडाच नाही.

कवितेने मात्र समीक्षेपेक्षा अधिक जाणले होते. बालकवींची 'औदुंबर' ही आठ ओळींची कविता आपण 'चित्रमय' म्हणून शिकवितो, मीही अनेक वर्षे शिकविली. दूरचे लहानसे गाव, मधली हिरवळ, त्यातून जाणारी पांढरी वाट, अलीकडे काळे पाणी: मांडणी थेट जलरंगातल्या निसर्गचित्राची आहे, पार्श्वभागाकडून पुरोभागाकडे येणारी. परंतु ती वाट पुरोभागी पाहणाऱ्याच्या पायाशी संपत नाही, पाण्याकडे जाते. आणि पाण्याशी जे झाड आहे ते चित्रातली वस्तू म्हणून उभे नाही. ते माणसासारखे बसले आहे. या एका क्रियापदाने चौकट मोडते. पाहणाऱ्याची जागा आधीच कोणी घेतलेली आहे आणि त्याला आपल्या पाहण्याशी काही कर्तव्य नाही. 'चित्रमय' हे विशेषण या कवितेच्या सात ओळींचे वर्णन करते आणि आठवीला चुकते.

ग्रामीण साहित्याने पुढे रम्य खेड्याला विरोध केला, तो मुख्यतः आशयाच्या पातळीवर: दारिद्र्य दाखवा, जात दाखवा, दुष्काळ दाखवा. 'बनगरवाडी' (१९५५) आणि 'गोतावळा' (१९७१) यांनी त्याहून खोल जाऊन पाहण्याची जागाच बदलली. 'गोतावळ्या'त शेत हे दृश्य असूच शकत नाही, कारण ते सांगणारा नारबा त्याच्याकडे पाहत नसून त्यात राबत आहे. तरी या बदलाला समीक्षेने नाव दिले नाही. 'अस्सल' एवढे म्हणून ती थांबली.

याचे मोल वाङ्मयापुरते नाही. भोरजवळ भाटघरचे धरण आहे. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस वेळवंडी नदीवर पहिला बांध पडला, १९२० च्या दशकात मोठे धरण झाले. पाणी नीरेच्या कालव्यांनी खाली बारामती-फलटणकडच्या उसाला गेले. पाण्याखाली गेली ती वरची भातखाचरे. आज त्या जलाशयाला 'निसर्गरम्य' म्हणतात. एका अभियांत्रिकी कृतीला, एका विशिष्ट पाणीवाटपाला, निसर्ग म्हणणे हा केवळ शैलीचा दोष नव्हे. इंग्रजी विशेषण वापरले असते तर निदान 'चित्र छान आहे, पण काढले कोणी?' असे विचारता आले असते.

काही वर्षांपूर्वी एम. ए.च्या वर्गात 'पिक्चरेस्क'ला प्रतिशब्द विचारला असता मुलांनी अपेक्षित उत्तरे दिली. मावळाकडून येणारी एक विद्यार्थिनी म्हणाली, "सर, साजरे." मी विचारले, कसे? ती म्हणाली, "दुरून डोंगर साजरे, त्यातले." वर्ग हसला आणि मीही तेव्हा पुढे गेलो. ही म्हण आपण भ्रमनिरासाची म्हण म्हणून शिकवितो. पण तिच्यात 'साजरे' हे विशेषण 'दुरून' या क्रियाविशेषणाशिवाय उभेच राहत नाही. गिल्पिनला जे सांगायला निबंध लिहावे लागले आणि ऑस्टेनला जे उलटवायला कादंबरी लिहावी लागली, ते दोन्ही त्या तीन शब्दांत आहे: डोंगर साजरे दिसतात हेही खरे, आणि ते कोठून, हेही. वऱ्हाडात 'साजरं' अजून 'चांगलं, देखणं' या अर्थाने रोजच्या बोलण्यात आहे. प्रमाण मराठीत 'साजरा' आता बहुधा सण आणि वाढदिवस यांच्यापुरता उरला आहे. प्रतिशब्द घरात असताना कोशकार, कवी आणि शिक्षक त्याच्याजवळून का गेले, याचे एक कारण मला असे दिसते की म्हण डोंगरावर राहणाऱ्याच्या बाजूने बोलते. चढण चढून घरी जाणाऱ्याने ती केली असावी. फाट्यावरच्या फलकाला ती चालणार नाही.