‘उदयकाल’: शिवरायांच्या मूकपटाची कुळकथा

प्रभात फिल्म कंपनीचा ‘उदयकाल’ हा मूकपट १९३०चा. दिग्दर्शक व्ही. शांताराम आणि पडद्यावरचे तरुण शिवाजी महाराजही तेच. पण या चित्रपटाचं मूळ शोधायचं तर आणखी मागे, कोल्हापुरातल्या नाटकांचे पडदे रंगवणाऱ्यांच्या घरी जावं लागतं.

आनंदराव आणि बाबूराव पेंटर या भावांना चित्रपट काढायचा होता. १९१६मध्ये आनंदराव गेले. बाबूरावांनी सहकारी दामल्यांच्या मदतीने कॅमेरा स्वतःच तयार केला आणि महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी केली. तिला राजर्षी शाहू महाराजांचा आधार मिळाला.

‘सिंहगड’ १९२३मध्ये आला. हरिभाऊ आपट्यांच्या कादंबरीवरच्या या चित्रपटात बाबूराव स्वतः शिवाजी महाराज झाले, शांताराम शेलारमामा. रात्रीच्या प्रसंगांसाठी कृत्रिम प्रकाश वापरला गेला. पुढे ‘कल्याण खजिना’ आणि ‘नेताजी पालकर’ आले. पोशाख, हत्यारं, तटबंदी, सगळं चित्रकाराच्या नजरेने पारखून घेण्याची शिस्त इथेच रुजली.

१ जून १९२९ रोजी दामले, फत्तेलाल, शांताराम, धायबर आणि सीताराम कुलकर्णी यांनी ‘प्रभात’ सुरू केली. त्यातले पहिले चौघे बाबूरावांच्या तालमीतली ती शिस्त सोबत घेऊन आले. त्यांनी शिवचरित्राचा आरंभ निवडला: तोरणा किल्ला. पुढे उभ्या राहिलेल्या राज्याची ही पहिली पायरी.

चित्रपटाचं नाव ठेवलं होतं ‘स्वराज्य तोरण’. मिठाचा सत्याग्रह पेटलेला तो काळ. सेन्सॉरला ते नाव खपलं नाही. ते बदलावं लागलं, काही दृश्यंही कापली गेली.

सेन्सॉरला भीती कशाची होती, ते सोलापूर जिल्ह्याला सांगायला नको. सोलापूर या गिरणगावात १९३०मध्येच ८ मेला गोळीबार झाला, १२ मेपासून मार्शल लॉ लागला. १२ जानेवारी १९३१ला धनशेट्टी, सारडा, कुर्बान हुसेन आणि शिंदे फासावर गेले. अशा दिवसांत तोरण्याची गोष्ट निव्वळ इतिहास म्हणून कोण पाहणार होतं?

पुढे भालजी पेंढारकरांनी १९५२मध्ये ‘छत्रपती शिवाजी’ काढला, तेव्हा महाराजांना बोलता येत होतं आणि देश स्वतंत्र होता. पण शिवचरित्र प्रेक्षकाच्या वर्तमानाशी जोडायची वाट कोल्हापूरच्या मूकपटांनीच घालून दिली. आजचा प्रत्येक शिवपट त्यांचा देणेकरी आहे.